बांगडीची निशाणी

५ फेब्रुवारी १९४६, सातारा
रद्द! मुंबईहून चिंतामण वकिलाची तार. नाथाजीवरचा फौजदारी खटला हायकोर्टानं साक्षी व्हायच्या आतच रद्द केला. खोटा कागद करणारा मोकळा!

७ फेब्रुवारी
चिंतामणचं पत्र. न्यायमूर्ती म्हणाले म्हणे — रानाचा दिवाणी दावा चालू आहे, निशाणी खरी की खोटी ते तिथंच ठरेल. दावा जिंकायला फौजदारीचा बडगा उगारू नका.

बडगा! गुंडा ब्रह्मदेशात लढून मेला. चार महिन्यांत सख्ख्या भावानं, या नाथाजीनं, वाटणीची यादी करून ठेवली — गुंडाच्या बायकोला, अंबूबाईला, खडकाळ माळ; नदीकाठचं उसाचं रान सगळं स्वतःला. खाली सहीच्या जागी तिची निशाणी, बांगडीचं चित्र. निरक्षर पुरुषांचा नांगर, बायकांची बांगडी, हे ठाऊक आहे. पण विधवेची बांगडी? कपाळ पांढरं आणि कागदावर चुडा!

म्हणजे निशाणी तिची नाहीच, हा मुद्दा माझा. फिर्याद मी लिहिली, दाव्याचा मजकूरही माझाच. इस्लामपूरच्या सभेत हे वाक्य टाकलं तेव्हा बायका रडल्या होत्या.

८ फेब्रुवारी
न्यायावरचे चार जाडे इंग्रजी ग्रंथ काढून बसलो. एकालाही खडकाळ माळ आणि नदीकाठची मळी यांतला फरक माहीत नाही.

११ फेब्रुवारी, इस्लामपूर
परवा दाव्याची सुनावणी, म्हणून आलो. कोर्टाच्या आवारात नाथाजी, नवा फेटा बांधून. "काय भाषणवाले, घसा बसला व्हय? खडीसाखर द्या रं यास्नी कुनीतरी!" माणसं खदखदली.

अंबूबाई माझ्या मागं उभी. रान गेलं तर तिला माहेरच्या दारात जाऊन उभं राहावं लागेल.

मी ओरडलो, "दिवाणी अजून बाकी आहे, नाथाजी! तिथं निशाणी बोलेल!"

"बोलू द्या की. यादी लिवनारा आकाराम जित्ता हाय. परवा येतोय साक्षीला."

तो घाबरलेला नाही. का?

१२ फेब्रुवारी
सकाळी अंबूबाईला पुन्हा विचारलं, "ती बांगडी तुम्ही काढली नाहीत ना?"

"न्हाई दादा. मला कुठलं काढाय येतंय? आकारामनं काढली. मी नुसता लेखणीला हात लावला."

"म्हणजे?"

"आवं, समद्यांचं तसंच असतंय. आपुन लेखणीला हात लावायचा, लिवनारा निशाणी काढतो. पाटाच्या पाण्याचा अर्ज हाय म्हनलं भावजी."

मला हे ठाऊक नव्हतं! एवढं वाचून! गावातल्या शेंबड्या पोराला ठाऊक असलेली गोष्ट! पाण्याचा अर्ज म्हणून फसवून निशाणी घेतली — खरा दावा हा होता. आणि मी लिहून बसलो, निशाणी तिची नाहीच. आता शब्द फिरवला तर तीच खोटी ठरते.

"मग दाव्यात तसं कसं लिहू दिलंत, बाई?"

"तुमी काय ल्हिलं ते मला कुठं वाचून दावलं? तुमी म्हनला, हात लावा. लावला."

१३ फेब्रुवारी
आकारामच्या साक्षीची गरजच पडली नाही. नाथाजीच्या वकिलानं आमच्याच दाव्याचा कागद उचलून न्यायाधीशांपुढं धरला. खाली अंबूबाईची निशाणी, आमच्याच कारकुनानं काढलेली. बांगडी.