समुद्रातला चौकोन

शनिवार, १७ जानेवारी.

आज सुट्टी. सकाळी आईच्या डोळ्यांचे थेंब आणले. सोसायटीची टाकी धुवायला माणसं आली होती, त्यामुळे दुपारपर्यंत पाणी नव्हतं. चारच्या सुमाराला आई खाली क्लबहाऊसमध्ये हळदीकुंकवाला गेली. तुम्ही गेल्यावर बरीच वर्षं ती कुठे जात नव्हती. इथे आता सगळ्याच बायकांना बोलावतात, आणि तीही जांभळी साडी नेसून जाते. घरात मी एकटी आहे.

बाबा, तुम्हाला जाऊन बावीस वर्षं झाली. मी तुम्हाला कधी पत्र लिहिलं नाही. तुम्ही होतात तेव्हाही नाही, कारण आपण एकाच घरात राहत होतो आणि फारसं बोलायची सवय आपल्या दोघांनाही नव्हती. काल ऑफिसमधलं एक प्रकरण मिटलं. आईला सांगितलं तर ती म्हणेल, "झालं ना नीट? मग सोड आता." ते खरंही आहे. पण नक्की काय नीट झालं हे तुम्हालाच कळलं असतं.

मी अजून बेलापूरच्या त्याच कंपनीत आहे. कुठे वीजकेंद्र होणार असेल, नवी लाइन पडणार असेल, तर ती वीज ग्रिडला, म्हणजे तारांच्या सगळ्या जाळ्याला, झेपेल का, हे कॉम्प्युटरवर तपासून द्यायचं, हे आमचं काम. मागच्या वर्षी वेस्ट इंडीजकडच्या एका बेटाचं काम आलं. त्या बेटावर आज सगळी वीज तेलावर चालते. तेल जहाजाने येतं, जहाज लांबलं की यांचा जीव टांगणीला, आणि वीज इतकी महाग की दुकानदार दुपारी दिवे लावत नाहीत. म्हणून त्यांना छोटी अणुभट्टी हवी आहे. एकदा इंधन भरलं की वर्षानुवर्षं बघायला नको. आम्हाला विचारलेला प्रश्न सरळ होता: एवढी भट्टी या बेटाच्या ग्रिडवर बसेल का? अभ्यास मी केला. रिपोर्टवर सही माझी. उत्तर होतं, बसेल.

तुम्ही अणुवीज केंद्रांबद्दल काय म्हणायचात ते मला चांगलं आठवतं. लोड डिस्पॅचच्या, जिथून राज्यभरची वीज वाटली जायची त्या कंट्रोल रूममध्ये तुम्ही मला एका रविवारी नेलं होतंत. मी सातवीत असेन. अख्ख्या भिंतीवर रंगीत रेषांचा नकाशा, मधोमध लाल आकड्यांत फ्रीक्वेन्सी, पन्नासवर स्थिर हवी अशी ग्रिडची नाडी, आणि तुम्ही फोनवर कुणाला तरी चढ्या आवाजात सांगताय. घरी तुमचा आवाज कधी चढायचा नाही, म्हणून मी बघतच राहिले. फोन ठेवून तुम्ही माझ्याकडे वळता आणि नकाशावरच्या एका चौकोनावर बोट ठेवता. "हे अणूवालं. जावयासारखं असतं. आलं की एका जागी बसणार, त्याला ऊठ-बस सांगायची नाही. आणि रुसून गेलं, तर घरातल्या सगळ्यांची धावपळ." शेजारचे काका हसतात आणि म्हणतात, "पोरीला आत्ताच जावयाची भीती कशाला घालताय?"

रुसून गेलं तर काय होतं, ते त्याआधीच मी मामाच्या लग्नात पाहिलं होतं. राजापूरच्या त्या मांडवात भाड्याचा जनरेटर होता. स्वयंपाक्याने वाटण करायला मोठा ग्राइंडर लावला आणि दिवे, पंखे, सनईची कॅसेट, सगळं एकदम बंद. मागच्या चुलीपाशी बायकांचा आरडाओरडा, आजी म्हणतेय, "अगो, वरण उतू जातंय, कुणीतरी बॅटरी दाखवा!" तुम्ही मात्र मला बाजूला घेऊन समजावत बसलात. आपल्या घरी मिक्सर लावला की सगळा देश मिळून जरा जोर लावतो, कुणाला कळतही नाही. इथे हा बिचारा एकटा. त्याला शेजारी नाही. आईने तुम्हाला तिथूनच हाक मारली होती, "शिकवणी नंतर! आधी तो दिवा लावा."

पुढे मी नोकरीला लागले आणि पहिला अभ्यास मोठ्या हौसेने तुम्हाला दाखवला. तुम्ही चष्मा लावून सगळी पानं पाहिलीत आणि विचारलंत, "यातलं सगळ्यात मोठं मशीन बंद पडलं तर?" मी ते पाहिलंच नव्हतं. "मग ही काय रांगोळी काढलीस?" तुम्ही एवढंच बोललात. मी दोन दिवस तुमच्याशी बोलले नाही. तिसऱ्या दिवशी तुम्ही माझ्यासाठी कापडी बांधणीचं एक रजिस्टर आणलंत, कंट्रोल रूममध्ये असतं तसं, छापील पान क्रमांकांचं. म्हणालात, पान फाडायचं नाही. चुकलं तर एकच रेघ मारायची, खालचं वाचता आलं पाहिजे, आणि बाजूला सही. त्यानंतर प्रत्येक अभ्यासात मी सगळ्यात मोठं मशीन पाडून बघते. या बेटाच्या वेळीही पाडलं. भट्टी बंद पडली असं धरलं, तेव्हा बेटाची जवळजवळ पाव वीज एका क्षणात गेली. फ्रीक्वेन्सी केसभर खाली आली आणि परत पन्नासवर जाऊन बसली. मी तसा आलेख काढला, खाली 'समाधानकारक' असं लिहिलं आणि ड्राफ्ट पाठवून दिला.

गेल्या आठवड्यात गुरुवारी दुपारी मी अंतिम प्रतीसाठी नकाशावरची नावं तपासत होते. डाव्या कोपऱ्यात खाली, जिथे नुसता समुद्र असायला हवा, तिथे एक छोटा चौकोन होता. नाव नसलेला. एका बारीक रेषेने बेटाला जोडलेला. तुम्ही असतात तर लगेच ओळखलं असतंत. आपल्याकडे कुठलाही अभ्यास करताना बाकीचा देश असाच एका चौकोनात दाखवतात. मागू तितकी वीज देणारा, कधीही न डगमगणारा. तीस वर्षांत त्या चौकोनाशिवाय मी एकही फाइल बनवलेली नाही. कोरी फाइल उघडली की तो आधीच तिथे असतो, आणि मी त्याच कोऱ्या फाइलवर ते बेट उभं केलं. म्हणजे भट्टी पडली तेव्हा बेटाला सावरलं ते समुद्रातल्या या चौकोनाने. मी तो काढला आणि पुन्हा चालवून पाहिलं. फ्रीक्वेन्सी खाली गेली ती परत आलीच नाही. काही सेकंदांत सगळं बेट अंधारात.

सोमवारी सकाळी मी सरांच्या केबिनमध्ये गेले आणि चौकोनाचं सांगितलं. सर माझ्यापेक्षा सहा वर्षांनी लहान आहेत, माणूस चांगला आहे, पण लगेच टेन्शन घेतो.

"मॅडम, तो ड्राफ्ट पुढच्या बुधवारी त्यांच्या समितीपुढे जाणार आहे. त्यावर ते निर्णय घेणार. तुम्ही चेक केला होता ना?"

"केला होता. चेकही त्याच फाइलवर केला."

"अहो, मग आता 'इनपुट डेटामध्ये बदल' असं काहीतरी लिहू या ना. सगळेच लिहितात."

"डेटा त्यांचा बरोबर होता, सर. चूक माझी आहे. असं लिहिलं तर ती त्यांच्यावर जाते."

त्यांनी हातातल्या पेनचं टोपण लावलं. मग म्हणाले, "कॉल लावतो. पण बोलणार तुम्ही. मी फक्त गुड मॉर्निंग म्हणणार."

कॉल काल संध्याकाळी सात वाजता झाला, तिकडे सकाळ होती. त्यांच्याकडून मुख्य अभियंता, साठीच्या पुढचे गृहस्थ, टक्कल, मागे भिंतीवर बेटाचा मोठा नकाशा. सरांनी खरंच फक्त गुड मॉर्निंग केलं. मी आदल्या रात्री लिहून काढलेलं वाचलं. जुना आलेख दाखवला, त्यावर एक रेघ, शेजारी नवा आलेख, खाली माझं नाव. ते हसायला लागले. मराठीत सांगायचं तर म्हणाले, "बाई, आम्ही चाळीस वर्षं शेजारी शोधतोय. तुम्हाला तो एका दुपारात सापडला, आणि आता परत काढूनही घेताय?" मग गंभीर झाले. म्हणाले, तुमचा पहिला आलेख मला पटलाच नव्हता. आमचं तेलावरचं मोठं मशीन पडतं तेव्हाच अर्धं बेट जातं, हे त्याहून मोठं पडून केसभर फरक कसा? पण मुंबईकडच्या लोकांना आपल्यापेक्षा जास्त कळत असेल, म्हणून गप्प बसलो. आता बुधवारी समितीपुढे काय ठेवायचं, तेवढं सांगा.

मग आम्ही तासभर तेच बोललो. मला ते काम आवडलं, बाबा. एवढी मोठी भट्टी आज नको, हे ठरलं. पण दार लावून टाकलेलं नाही. त्याच जातीच्या अगदी लहान भट्ट्या निघतायत, त्या एकेक करून बसवल्या तर एक पडली तरी बाकीच्या उभ्या राहतील. त्याआधी बॅटऱ्यांचा मोठा साठा हवा, पहिले काही क्षण सावरून धरायला. तिकडे दर दोन-चार वर्षांनी वादळात खांब आडवे होतात, आणि भट्टी बंद केल्यावरही ती थंड ठेवायला वीज लागते, म्हणून तिथपर्यंतच्या लाइनी जमिनीखालून न्यायच्या. शिवाय माणसं. ते म्हणाले, आमची शिकलेली पोरं विमानतळावरून परत येत नाहीत, शिकवायला आजपासून सुरुवात केली तरी दहा वर्षं लागतील. मी म्हटलं, मग रिपोर्टमध्ये तेच सगळ्यात वर लिहू. सर शेवटी एकदाच बोलले, "सुधारित प्रत मंगळवारी देतो, आमच्याकडून." 'मॅडमकडून' नाही, 'आमच्याकडून' म्हणाले.

कॉल संपला आणि मला इतकी भूक लागली की मी खालच्या गाडीवर उभी राहून दोन प्लेट पावभाजी खाल्ली. तो पावभाजीवाला ओळखीचा. म्हणाला, "मॅडम, आज उपास सोडला काय?" तिथे उभी असताना मला तुम्ही आठवलात. मी दहावीत होते ते वर्ष. तुम्ही फोनवरून चुकीची लाइन बंद करायला सांगितली होतीत आणि एका शहराचा मोठा भाग पाऊण तास अंधारात राहिला. रजिस्टरमध्ये तुम्ही स्वतः लिहिलंत, 'माझ्या चुकीच्या सूचनेमुळे'. 'तांत्रिक बिघाड' लिहिलं असतं तर कुणी विचारलं नसतं. त्या वर्षी बढती तुमच्या हाताखालच्या माणसाला मिळाली. आई स्वयंपाकघरात रडत होती, "सांगितलं कुणी होतं लिहायला? हरिश्चंद्राच्या घरात दिलंय मला." तुम्ही तिसरी भाकरी मागून घेतलीत, पिठलं चांगलं झालंय म्हणालात आणि नऊ वाजता झोपलात. मी दाराआडून तुमचं घोरणं ऐकत होते आणि मला तुमचा राग आला होता. आईच्या रडण्याचं या माणसाला काहीच नाही, असं मी तेव्हा ठरवून टाकलं आणि पुढे ते कधी तपासलं नाही. काल ती पावभाजी खाताना कळलं, तुम्हाला नुसतं हलकं वाटत होतं.

हे पत्र मी कुणाला दाखवणार नाही, आणि तुमच्यापर्यंत ते पोचणार नाहीच, तर एक सांगून टाकते. चौकोन गुरुवारी सापडला आणि मी सोमवारी बोलले. मधले चार दिवस मी शांतपणे विचार केला, असं सरांना वाटतं. तसं नव्हतं. शुक्रवारीच मी नवी प्रत तयार केली होती, जुना आलेख काढून, वर 'इनपुट डेटामध्ये बदल' असं लिहून. सरांच्या तोंडून सोमवारी जे वाक्य आलं ते माझ्या फाइलमध्ये आधीच होतं, म्हणून तर मला उत्तर इतकं चटकन सुचलं. रविवारी संध्याकाळी ती प्रत पाठवायची मेल लिहून तयार होती. ती का पाठवली नाही, हे मला नीट सांगता येत नाही. तुमची आठवण आली म्हणून, असं लिहायला बरं वाटलं असतं. पण तेव्हा तुमची आठवण आली नव्हती. आज सकाळी मी ती मेल पुसून टाकली.

सहा वाजत आलेत. आई यायच्या आत मेथी निवडून ठेवते. पेपर पसरलाय, दोन जुड्या आहेत.