दंडाले बांधलेलं ऊळ

एकोडी,
ता. ४ सप्टेंबर १९७९

चिरंजीव इश्वर यास माईचा आशीर्वाद.

इकडं सारे ठीक. तुह्या तब्येतीचं लिहिजो. धानाचा रोवणा आटोपला, बोडी पाण्यानं काठोकाठ भरली. पांढऱ्या गाईले गोऱ्हा झाला. तुहा बाप पडून असते, बाकी बरा आहे. हा कागद तुह्या कंपनीच्या हापिसात नेऊन देईन. तिथून तुह्या त्या दुनियेवर कसा पोचते ते त्याईलेच माहीत.

तू लिहिलं, "माय, आताच तर आलो, सहा महिन्यानं येईन." आताच कायचं? तू गेल्यावर हा तिसरा रोवणा झाला. त्या ऊळाच्या खाणीत दिवसभर हात घालून राहते, तुह्या अंगावरून दिवस जातच नसन. इथं माहे केस पिकले.

मागच्या वर्षी तू ऊळाचा तुकडा पाठवला, बोटाएवढा, निळसर. तिथले लोक त्याचं काय करतात तेही लिहिलं. ज्याले लागलं त्याचा वेळ थांबल्यावानी होते म्हणे. बियाण्याच्या कोठीत टाकतात, धान जुनं होत नाही. भाताच्या गंजाले लावतात, सकाळचा भात सांजेले वाफा मारते. बाया कामाले जातानी लेकराच्या पायात बांधतात, वापस आल्या का लेकरू तसंच, भूकही लागली नाही. मले तर राग आला. रडलं नाही ते लेकरू कायचं? अन् माणूस मराले टेकला का त्याच्या दंडाले बांधतात, दूरचे पोरं येतपर्यंत. सगळ्यात मागून आला तो सोडते, मंग जीव जाते. तवरक कोणी रडत नाही.

तू बियाण्यासाठी पाठवला होता. बियाण्यात नाही टाकला मी.

मले घुमवून लिहिता येत नाही. आयक. मागच्या सालच्या पोळ्याच्या आधी तुह्या बापाच्या छातीत कफ भरला. साकोलीच्या डाक्टरनं म्हटलं, घरी न्या. दुपारी वरचा श्वास लागला तशी मी तो तुकडा दोरीत ओवला अन् त्याच्या डाव्या दंडाले बांधला. म्हटलं, "पोरगा येतपर्यंत थांबा." तू न इचारता गेला तवा "त्याचं तोंड पाहणार नाही" म्हटलं होतं त्यानं, ते मी विसरली नाही. तरी बांधला. त्याले इचारलं नाही.

आता एक श्वास दोन महिन्याचा. खात नाही, पीत नाही, दाढीही वाढत नाही. मी रोज सकाळी तोंड पुसून देते, अन् मले समजत नाही, जित्या माणसाचं पुसून राहिली का काय. तुही आत्या देवकाबाई आली, खाटेभोवती फिरली अन् म्हणे, "वहिनी, माहा भाऊ हाय का बरणीतलं लोणचं?" मी म्हटलं, "भाऊ वाटत असन तं बस जवळ, नाही तं रस्ता धर." बसली बिचारी. रडू का नको, तिलेही समजेना.

आता जे सांगाचं राहिलं ते. त्याचा उजवा हात उठून राहिला.

दिवाळीत वाकळेवरून सुटला तवा पाहिला. शाळेतल्या सोमाजी गुरुजीनं बोटानं मोजलं, महिन्याले दोन बोटं सरकते. संक्रांतीले बेंबीवर आला. मले वाटलं, माह्याकडं येऊन राहिला. खूस झाली मी, खोटं कायले बोलू. होळीले पाहिलं तं तो डाव्या दंडाकडं चालला होता. ऊळाकडं.

मी भेली. तुकडा अंगावरून जराही न उचलता दंडावरून खाली सरकवत नेला अन् पायाच्या घोट्याले बांधला. कोणाले सांगतलं नाही. हात अधांतरी थांबला. आखाडीपासून त्याचे डोळे फिरून राहिले, आधी दंडाकडं, मंग माह्याकडं. आता पुरे माह्यावर आहेत. मी चुलीकडं गेली तरी पाठीले लागल्यावानी वाटतात. इश्वर, बत्तीस वर्सात त्यानं माह्यावर हात नाही उचलला, अन् मी त्याच्या हातापुढून वस्तू पळवली.

परवा तुकडा परत दंडावर आणून बांधला. हात पुन्हा निघाला का नाही, हे दिसायलेच महिना लागन. दंड एक वीत दूर आहे. गुरुजी म्हणते, निघाला असन तं होळीपर्यंत पोचन. पोचल्यावर दोरी तोडन, का तू पाठवलेली वस्तू नुसती चाचपून पाहन, मले समजत नाही. साल झालं, तेच समजत नाही. देवकाबाई म्हणते तोडन. ती बहीण होय, तिचं खरं असन.

मी सोडणार नाही. अन् आता सरकवणारही नाही. त्याचा हात पोचन ते त्याचं.

तू तिथल्या दिवसानं मोजू नको. हातातलं घमेलं खाली ठेव अन् निघ. साहेब सुट्टी नाही म्हणन तं म्हण, माह्या बापाले बांधलं आहे, मी सगळ्यात मागचा आहो.

"तुहा बाप तुही वाट पाहून राहिला" असं लिहाले बसली होती. ते मले माहीत नाही.

मी पाहून राहिली, एवढं माहीत आहे.

तुही माय,
धुरपता