दुधातल्या तिसऱ्या

१४ जाने., मंगळ.
संक्रांत. ह्यांनी तिळगुळाची वडी तोंडात धरली नि हळूच बशीत काढून ठेवली. मी बघितलं नाही असं दाखवलं. काल डॉ. स्पष्टच म्हणाले, वजन वाढल्याशिवाय पुढचं औषध सुरू करता येणार नाही. पण भात नको, खिचडी नको, रश्श्याचा तर वासही नको. दुपारी विचारलं, "आवं, काय करू, सांगा तरी."
छताकडे बघत होते. मग म्हणाले, "चाउडर."
झालं. बोटीच्या भटारखान्यात आयुष्य काढलं, नाही नाही ते रांधलं, आणि आठवलं काय तर ते पांढरं सूप.

१५ जाने., बुध.
दिवसभर तेच डोळ्यांसमोर. सुट्टीवर आले की एकदा तरी व्हायचंच. तिसऱ्यांचे शिंपले आणि दूध एका भांड्यात. मी स्वयंपाकघरात येऊ द्यायची नाही. मासे-दूध एकत्र खाल्लं की कोड फुटतं, आईनं घोटून घेतलेलं. मग हे परसात तीन विटा मांडायचे. दोघी पोरी चुलीला चिकटून. कुठल्याशा बर्फाच्या बंदरात गोऱ्या कॅप्टननं तीनदा कसं मागून घेतलं, ते दर वेळी नव्यानं सांगत ढवळायचे. पोरी बेकरीचे पाव बुडवून खायच्या, मी दारातून बडबडायची. कुणाला काही झालं नाही. तरी मी कधी चाखलं नाही.
पोरी आपापल्या घरी गेल्या, परस आता मोकळाच असतो. फार आठवण येते त्या गोंगाटाची.

१७ जाने., शुक्र.
कराडच्या मंडईत. चिपळूणकडचा माल आलेला. मासेवाली म्हणाली, "वैनी, तिसऱ्या? पावनं आल्यात व्हय?"
म्हटलं, "व्हय, लय दिसांनी."
घरी थोरल्या जाऊबाई बसलेल्या. दुधाचं पातेलं बघून चरकल्या. "आगं, आदीच आजारी मानूस. त्यात कोड फुटलं म्हंजी?"
"मानूस ऱ्हायला तर फुटंल न्हवं, आक्का."
बोलून गेले. आक्कांनी बटाटे सोलायला घेतले.
ह्यांना खुर्चीवर दारात बसवलं. तिसऱ्या उकडल्या, पाणी गाळलं, कांदा लोण्यावर परतला, मैदा, मग ते पाणी, बटाटे. सगळं ह्यांच्या हुकमानं. शेवटी दूध ओतलं, तर भसकन नासलं. गुलाबी चोथा. काय झालं कळेना. ह्यांनी मान पुढं काढून बघितलं. "आमसुलं घातलीस काय उकडताना?"
घातली होती. तिसऱ्या म्हटलं की हात आपोआप आमसुलाच्या बरणीकडे जातो, त्याला मी काय करू.
हे हसायला लागले. खांदे हलेस्तोवर. दवाखाना मागे लागल्यापासून ऐकलंच नव्हतं ते हसू. पोटात मात्र काही गेलं नाही.

१९ जाने., रवि.
पुन्हा. आमसुलाची बरणी आक्कांनी स्वतःच्या घरी नेली, म्हणाल्या, "तुजा काय भरवसा न्हाई."
मंद आचेवर दूध, वर साय घोटून, मिरपूड. नासलं नाही. घरभर वेगळाच वास, परसातलाच.
पहिला घोट घेतला, डोळे मिटले. मी पदराची गाठ मारत उभी. "मीठ कमी हाय," म्हणाले. इतकं बरं वाटलं. महिनाभर कशाला नावं ठेवली नव्हती, नुसती ताटं सरकवली होती.
अर्धी वाटी गेली. मग वाटी माझ्याकडे केली. "आता तू."
आक्का बघत होत्या. घेतली. गोडसर, खारट, मऊ. चांगलं लागतं. इतकी वर्षं दारात उभी राहून बडबडले, शेजारी बसून खायचं होतं.

२० जाने., सोम.
सकाळी उजेडात दोन्ही हात बघितले. काही नाही. आक्कांनी फोनवर पहिलं तेच विचारलं.
उद्या वजन करायला जायचं. एवढ्यानं काटा हलायचा नाही, कळतं मला.
आत्ताच आतून हाक आली, "कालचं उरलंय काय गं?"
आज सोमवार. ह्या घरात सोमवारी मासळीचं भांडं कधी गॅसवर चढलं नाही. गरम करते. दोन वाट्या काढल्यात.