बशीखालचा वाडगा

वाखनिंगन, नेदरलँड्स, रविवार संध्याकाळ

दुपारी शेजारच्या खोलीतल्या लिनने तिच्या आईचा आवडता जुना चिनी सिनेमा दाखवला. सबटायटल्स डचमध्ये, म्हणून तीच अर्थ सांगत होती. परगावी गेलेल्या प्रियकरासाठी नायिका रोज भाताचा वाडगा भरते, वर बशी झाकते. वर्षानुवर्षं. मी म्हटलं, "असं कोण करतं?"

आणि ताई आठवली. मी अभ्यासिकेतून येईपर्यंत माझं ताट झाकून ठेवणारी. घरातली पहिली पदवी माझी, पण ती तिच्या शिलाई मशीनवर झाली. तिचा साखरपुडा होऊन तीन वर्षं झाली. धाकटीचं, म्हणजे माझं, शिक्षण होऊ दे म्हणून लग्न थांबवलंय, भाऊजीही मुकाट थांबलेत. परवा एमएस्सीनंतर मला इथेच पीएचडीची जागा मिळाल्याचं सांगितलं, म्हणजे अजून चार वर्षं, तर म्हणाली, "घे तू. आम्ही थांबू." आणि मी थँक यू म्हणून फोन ठेवला! इतकंच सुचलं मला?

सिनेमा संपताच फोन केला. "ताई, मला इथे पगार मिळणारे. आता थांबू नका, दिवाळीनंतरची तारीख काढा."

"अगं, पण तुझं..."

"भाऊजी आज जेवायला आलेत ना? त्यांना दे फोन."

भाऊजी म्हणाले, "मेहुणीबाई, वाचवलंत! अजून चार वर्षांत पुरता टकला झालो असतो." मागे ताई हसत होती की रडत होती, कळलं नाही. मी मात्र रडले.

तासाभराने स्वयंपाकघरात गेले, तर ओट्यावर माझ्या वाटच्या नूडल्स. वाडग्यावर लिनने बशी झाकलेली.