पेजेतला फ्रेंच टोस्ट

आई, काल रविवारी सकाळी मी तुझा फ्रेंच टोस्ट करायला घेतला आणि तो चुकला. करपला असता किंवा कच्चा राहिला असता, तर तुला लिहिण्याचे कारण नव्हते. दिसायला तो उत्तम झाला होता. तू गेलीस तेव्हा तुझे जे वय होते, ते ओलांडूनही मला आता बरीच वर्षे झाली. त्या हिशेबाने मी तुझ्याहून वडील ठरतो. तरीही हे लिहिताना मी पाठ ताठ करूनच बसलो आहे.

तालुक्याच्या न्यायालयात माझी उभी हयात रुजुवातीत गेली, हे तुला ठाऊक आहे; पण ते काम नेमके काय असते, हे तू कधी विचारले नाहीस आणि मीही सांगितले नाही. निकालपत्राची नक्कल तयार झाली, की एकाने मूळ प्रत मोठ्याने वाचायची आणि दुसऱ्याने नकलेवर बोट ठेवून ऐकायचे. स्वल्पविराम गळला तरी माझे बोट थांबत असे. वडगावात माझा त्याबद्दल लौकिक होता, आणि मला त्याचा अभिमान होता; अजूनही आहे. मात्र घरीही मी तसाच ऐकत असे. समोरचा माणूस काय सांगतो आहे, यापेक्षा त्याचे वाक्य कोठे मोडते आहे, इकडे माझे लक्ष.

मुलीच्या दुधाचा नियमही मी असाच घालून दिला होता. रोज सकाळी पेलाभर, साय न काढता. त्यामागे माझे एक कारण होते, ते निदान तुला तरी कळेल. भाजे गावी आपल्याकडे म्हैस होती, पण तिचे दूध मळवलीहून गाडीने लोणावळ्याच्या बंगल्यांवर जायचे आणि आपल्या वाट्याला कोरा चहा यायचा. पुढे तू स्वतःच त्यांपैकी एका बंगल्यावर स्वयंपाकाला लागलीस आणि त्या पगारावर मी शिकलो. न्यायालयात कोणी विचारले, तर ‘आई घरीच असते’ असे मी सांगत असे. नोकरी लागली त्या दिवशी मी मनाशी ठरवले होते, की माझ्या मुलाबाळांना दूध मागावे लागणार नाही. त्यांना ते नको असेल, ही शक्यता माझ्या विचारात कोठेच नव्हती.

ती सकाळ मला वारंवार दिसते. बंगल्याचे काम सोडून तू आमच्याकडे राहायला आली आहेस. मी न्यायालयात जायला निघालो आहे आणि चष्मा विसरला म्हणून परत फिरतो. स्वयंपाकघरात सात वर्षांची माझी मुलगी पाटावर बसून बशीतला टोस्ट खाते आहे, आणि तू तिचा दुधाचा पेला मोरीत ओतते आहेस. मी उंबऱ्यातच उभा राहतो.

“माझ्या घरात माझ्या मुलीला लबाडी शिकवू नकोस, आई.”

“आरं, तिला न्हाई सोसत दूध. मानंवर बघ, कशा गांध्या उठल्यात.”

“उठल्या आहेत,” मी दुरुस्त करतो. “आणि तू डॉक्टर कधी झालीस? बंगल्यावरची थेरं इथे नकोत.”

तू एकदा माझ्याकडे पाहतेस. “बरं बाबा,” एवढेच म्हणतेस आणि बशी उचलून विसळायला घेतेस. मी पातेल्यातले दूध पुन्हा पेल्यात ओततो आणि मुलीपुढे धरतो. माझ्यावरची नजर न काढता ती ते संपवते. तिच्या मानेकडे मी पाहिलेसुद्धा नाही. पंधरा दिवसांनी तू बोचके बांधलेस. “लावणीला मानूस न्हाई,” असे तू माझ्या बायकोला सांगितलेस. लावणी झाली, कापणी झाली. तू परत आली नाहीस.

आता मुलगी पन्नाशीला आली आहे. तळेगावला असते. तुझी सून चार वर्षांपूर्वी गेली; तेव्हापासून मुलगी दर रविवारी येते, भाजी आणते, माझ्या गोळ्या तपासते. पण सकाळी आली, तरी माझ्याकडे काही खात नाही. “खाऊन आलेय, अप्पा,” हे तिचे ठरलेले वाक्य. ते निर्दोष वाक्य आहे, म्हणून मी त्यावर कधी शंका घेतली नाही. गेल्या दिवाळीनंतर तिच्या पित्ताशयाची शस्त्रक्रिया झाली. जावई बाहेरगावी होते, म्हणून रुग्णालयात तिच्याजवळ मी बसलो होतो. परिचारिका अर्ज भरून घ्यायला आली.

“कसली अ‍ॅलर्जी आहे का, ताई?”

“दुधाची.”

“कधीपासून?”

“लहानपणापासून.”

“मग घरच्यांना माहीत असेल.”

“आजीला माहीत होतं,” मुलगी म्हणाली.

ती माझ्याकडे पाहून म्हणाली नाही. तिच्या स्वरात तक्रार नव्हती. ती एका रकान्यातील माहिती भरत होती. परिचारिका मला म्हणाली, “आजोबा, मग आता लेकीला चहा कोराच द्यायचा हं.” मी मान हलवली. बाहेरच्या बाकावर येऊन बसलो, तेव्हा ‘खाऊन आलेय’ या वाक्याचा अर्थ मला लागला. माझ्या स्वयंपाकघरात आपल्यापुढे काय येईल आणि नको म्हणता येईल की नाही, याची तिला आजही खात्री नव्हती.

तिला माझ्या घरी एकदा तरी निर्धास्तपणे खाता यावे, एवढ्यासाठी मी टोस्ट शिकायचे ठरवले. मोबाइलवर कृती सापडली. ती लिहिणाऱ्याने ऱ्हस्वदीर्घाची एकही चूक करायची बाकी ठेवली नव्हती, तरी मी ती शेवटपर्यंत वाचली. एका माणसासाठी दोन काप, एक अंडे आणि दुधाऐवजी नारळाचे दूध. दुकानातल्या दोन पावांची वेष्टने भिंग लावून तपासली, तर दोहोंवर बारीक अक्षरांत दुधाची भुकटी निघाली. शेवटी बाजारातल्या बेकरीत गेलो आणि पावात दूध असते काय, असे विचारले. बेकरीवाला हसला. “आबा, दूध घालून ह्या भावात पाव द्यायला मला काय येड लागलंय? पीठ, पाणी, मीठ, यीस्ट. लय झालं तर साखर.” मी त्याच्याकडून तेच दोनदा वदवून घेतले आणि मग पाव घेतला.

काल ती आली तशी नेहमीप्रमाणे म्हणाली, “खाऊन आलेय, अप्पा.”

“मी विचारलेलं नाही. बस. नारळाचं दूध आहे, म्हशीचा काही संबंध नाही.”

“तुम्ही अंडं फोडलंत?”

“तीन फोडली. त्यांपैकी एक वाटीत पडलं.”

ती मोठ्याने हसली. मी तवा तापवला, दोन्ही काप खरपूस केले आणि बशी तिच्यापुढे ठेवली. तिने वास घेतला. तिचे हसू थांबले. पण तिने तुकडा मोडला आणि तोंडाकडे नेला. त्या क्षणी मी तिचा चेहरा पाहिला. ओठ मिटलेले आणि नजर माझ्यावर. तो चेहरा मला पाठ आहे.

“थांब. काय झालं?”

“काही नाही, अप्पा. छान दिसतंय.”

“मी तुला विचारतो आहे.”

“तुपात केलंय ना? थोडं चालतं. नंतर गोळी घेईन.”

“गोळी घेईन म्हणजे? तू हे खाणार होतीस?”

“तुम्ही केलंत ना,” ती म्हणाली.

मी तिच्या हातातून तुकडा काढून घेतला. आई, दूध पातेल्यात असते आणि तूप बरणीत असते. ती दोन्ही एकाच म्हशीची आहेत, हे मला खरोखरच सुचले नव्हते. सणासुदीला साजूक तुपाशिवाय काही रांधायचे नाही, याची इतकी सवय, की तवा तापला आणि हात आपोआप बरणीकडे गेला. सगळी वेष्टने वाचून झाली होती. आपल्याच फडताळातल्या बरणीवर वेष्टन नव्हते.

मी पुन्हा करतो म्हणालो, तेव्हा ती उठून माझ्या शेजारी उभी राहिली. “अप्पा, आजी नारळबिरळ नव्हती घालत. भाताची पेज घालायची. आणि तेलात करायची.” मग आम्ही इंद्रायणीचा भात जास्त पाणी घालून चढवला. तो शिजेपर्यंत ती ओट्याला टेकून बोलत होती. बंगल्यावरच्या धाकट्या बाईंना दूध सोसत नसे, त्यांच्या अंगावर अशाच गांध्या उठत, म्हणून तू त्यांच्यासाठी पेजेतला टोस्ट काढलास आणि त्यांचा तवाही वेगळा ठेवलास, हे तू तिला सांगितले होतेस. सात वर्षांच्या मुलीला सांगितलेस. मलाही सांगणार होतीस बहुधा. पण मी तुझे क्रियापद दुरुस्त करून मोकळा झालो होतो.

तूप लागलेला तवा बाजूला ठेवून मी भाकरीचा लोखंडी तवा घेतला. पेज गाळून निवू दिली, तिच्यात अंडे फेटले, साखर आणि जरासे जायफळ घातले, शेंगदाण्याच्या तेलावर काप भाजले. पेजेमुळे त्यांना बाहेरून कुरकुरीत कड येते, हे मला नव्याने कळले. तिने पहिला काप सावकाश खाल्ला.

“आजीसारखा झाला आहे का?”

“नाही. आजी ह्याच्या दुप्पट साखर घालायची,” ती म्हणाली. बशीकडे पाहतच तिने विचारले, “अप्पा, आजी माझ्यामुळेच गेली ना?”

“म्हणजे?”

“त्या दिवशी तुमच्या चपलांचा आवाज मला आला होता. मी आजीला सांगायला हवं होतं. तोंडात घास होता म्हणून मी बोलले नाही. मी बोलले असते, तर तुम्हाला काही दिसलं नसतं आणि ती गेली नसती.”

आई, त्रेचाळीस वर्षे तिने हे मनात ठेवले होते. त्या मुदतीत मी हजारो नकला तपासल्या, आणि माझ्या घरातली ही एवढी मोठी चूक माझ्या नजरेस आली नाही.

“नाही,” मी म्हणालो. “माझ्यामुळे गेली. ती खरं सांगत होती आणि मी तिला घराबाहेर काढलं. तोंडाने जा म्हटलं नाही, एवढंच.”

माझे काहीतरी चुकले, असे तिने माझ्या तोंडून प्रथमच ऐकले, आणि ते ऐकून तिला हलके वाटले की जड, हे मला तिच्या चेहऱ्यावरून ओळखता आले नाही. नंतर तिने दुसरा काप उचलला, त्यावर स्वतःच साखर भुरभुरवली आणि शेवटच्या तुकड्यापर्यंत खाल्ला.

हे पत्र कोठे टाकायचे नाही. तुला वाचता येत नसे. आलेली पत्रे तुला वाचून दाखवणारा घरात मी एकटाच होतो, आणि हे तुझ्यासमोर वाचण्याचे धैर्य मला झाले नसते. तिला मी सांगितले ते सारे खरे आहे, पण सगळे नाही. तू आमचे घर सोडून गेलीस त्या दिवशी मी न्यायालयात कामात होतो, तू केव्हा निघालीस ते मला समजले नाही, असे मी तुझ्या सुनेला सांगितले, गावात सांगितले, तुझ्या दहाव्यालाही सांगितले. मी व्हरांड्यात उभा होतो. तू बोचके घेऊन स्टेशनच्या रस्त्याने आलीस, न्यायालयासमोर थांबलीस, बोचके या काखेतून त्या काखेत घेतलेस आणि कोणी दिसते का, म्हणून आत पाहिलेस. एक हाक मारली असती, तर तू थांबली असतीस. मी खांबाआड झालो, आई.