बावीस डबे, बावीस माणसं

शेंदूरजनाघाट,
शुक्रवार दुपार

तीर्थस्वरूप लीलाबाईच्या पायांवर धाकट्या उत्तमचं डोकं (पाय दुखत असतील तर आशीर्वाद लांबूनच दे, चालेल),

बाई, पाकिटावरचं माझं अक्षर पाहून घाबरू नकोस. इकडे सगळे खुशाल आहेत. सगळे म्हणजे मी. तुझे गुडघे कसे आहेत? थंडीत डावा जास्त दुखतो की उजवा, हे तू मागे सांगितलं होतंस आणि मी विसरलो, तेव्हा दोघांनाही विचारलं म्हणून सांग. मनोजला मामाचा आशीर्वाद. तो अजून दुकानातून येताना तुझ्यासाठी लपवून जिलबी आणतो का? आणत असेल तर खाऊ नकोस, आणि खाल्लीस तर मला कळवू नकोस. फोन न करता पत्र का लिहितो आहे, तर माझा फोन धरणात आहे. कसा गेला ते पुढे येईलच. शिवाय फोनवर तू दर दोन मिनिटांनी ‘बरं, ठेवू मंग?’ म्हणतेस. पत्राला तसं म्हणता येत नाही.

इकडे मी मजेत आहे. हे पहिल्याच पानावर लिहून ठेवतो, कारण दिवाळीत तू ‘अकोल्याले राह्यले ये’ म्हणालीस तेव्हा ‘मी काय अनाथ आहे का?’ म्हणून मी तुझ्यावर ओरडलो होतो, आणि एकदा ओरडल्यावर माणसाला मजेत राहावंच लागतं. शकुनला जाऊन दोन वर्षं झाली. मला आता कुकर लावता येतो. एकदा लावलेलं वरण तीन वेळा पुरतं. टीव्हीचा रिमोट दिवसभर माझ्याच हातात असतो (टीव्ही बंद असला तरी असतो). घरात भांडायला कोणी नसल्यामुळे रक्तदाब इतका चांगला आहे की डॉक्टरसुद्धा माझ्याशी दोन मिनिटांच्या वर बोलत नाही. तेव्हा माझी काळजी करायचं कारण नाही आणि कोणी इकडे यायचंही कारण नाही.

तर मुद्द्याची गोष्ट ही, की तुझ्या भावाने सिनेमात काम केलं. आमच्या मागच्या गल्लीतला गोपाल तुला आठवत असेल, तुझ्या चपला विहिरीत टाकल्या होत्या तो. मोबाइलवर वऱ्हाडी नकला टाकून त्याने बऱ्यापैकी नाव काढलं, आणि आता तो थरारपट काढतो आहे. चार मित्र आणि एक म्हातारा नावाडी शिडाच्या होडीतून समुद्रावर सहलीला जातात, शीड फाटतं, वाट चुकते, प्यायचं पाणी संपतं आणि मग एकेक जण मरत जातो, असं कथानक. आता समुद्र आपल्या गावापासून किती लांब आहे हे तुला सांगायला नको. गोपालने तो धरणावर आणला. होडी आणली जमुनाची, जी धरणात मासे धरते. शीड आणलं लग्नाच्या मांडवातलं (एका कोपऱ्यावर ‘शुभविवाह’ लिहिलेलं आहे, म्हणून वारा त्या बाजूने वाहू द्यायचा नाही अशी सगळ्यांना ताकीद). आणि समुद्रातल्या वादळासाठी माझा बागेतला, ट्रॅक्टरवर चालणारा फवारणीचा ब्लोअर.

ब्लोअर मागायला आलेला गोपाल मलाही सोबत घेऊन गेला. शकुन गेल्यावर दाढी करायची राहून गेली ती राहूनच गेली, आता ती छातीपर्यंत आली आहे. तिच्याकडे बघत म्हणाला, “काका, दाढी काढू नका. तुमच्या चेहऱ्यावर लय एकटेपना हाय. मले असाच म्हतारा पायजे व्हता, थो सहाव्या पानावर मरते.” मी म्हटलं, हा एकटेपणा नाही, दुपारची झोप आहे. तर म्हणतो, “कॅमेऱ्याले दोनी सारखेच दिसते.” मला राग आला होता, पण दुसऱ्या दिवशी सात वाजता मी अंघोळ करून तयार होतो. सकाळी उठून कुठेतरी जायचं आहे, ही गोष्ट बऱ्याच दिवसांनी घडत होती.

वादळाचा दिवस तू बघायला हवा होतास. ब्लोअरच्या टाकीत बागेसाठी केलेलं बोर्डो मिश्रण उरलेलं आहे, हे मला आठवलं तेव्हा ट्रॅक्टर सुरू झालेला होता. मोरचूद आणि चुना! वादळ आलं ते निळं. शीड निळं, होडी निळी, चारही नट निळे, आणि त्यातली नायिका तर अशी निळी की हातपंपावर नेऊन तिला घासताना हँडल मारणाराच दमला. गोपाल मात्र खूश. “थंडीनं निळे पडले, एकदम ओरिजिनल!” म्हणून नाचत होता. मला एवढंच समाधान की या चौघांना यंदा संत्र्यावरचा डिंक्या रोग होणार नाही.

मरताना मी चांगला मेलो, हे सगळ्यांनी कबूल केलं. पंचाईत पुढे झाली. पटकथेत माझं प्रेत समुद्रात फेकायचं होतं. मी नाही म्हणायच्या आधी बाकीच्यांनीच वाद घातला. म्हाताऱ्याच्या तोंडात पाणी घातलं नाही, चार जणांचा खांदा नाही, असं कसं फेकायचं? नायिका म्हणाली, माझी आजी हा सिनेमा पाहील तेव्हा मला घरात घेणार नाही. शेवटी प्रेत होडीतच ताडपत्रीखाली ठेवायचं ठरलं. त्यामुळे सहाव्या पानावर मेलेला मी सत्तेचाळिसाव्या पानापर्यंत कामावर होतो. जवळून चित्रण असलं की ताडपत्रीखाली मी, लांबून असलं की माझ्याऐवजी गुरांच्या कुटाराची दोन पोती. फरक कोणाला कळला नाही.

आणि होडी कुठे बांधलेली असायची, ओळख! पंजाबमामाच्या बाभळीला. मामाचं सगळं शेत धरणाखाली गेलं, पण धुऱ्यावरची, त्या उंच बांधावरची, ती बाभूळ वाळून पाण्यात तशीच उभी आहे. तीच, जिच्यामागे लपाछपीत तू मला लपवलंस, मग विसरून घरी जेवायला निघून गेलीस, आणि दिवेलागणीला रडत-ओरडत शोधायला आलीस. तुला वाटत असेल मी विसरलो. मी काही विसरलेलो नाही.

तर काल गुरुवार होता. शकुन गजानन महाराजांचा गुरुवार धरायची, ती गेल्यावर तो मी धरला. माझी भक्ती वाढली असं नाही, महाराजांना माझा स्वभाव माहीत आहे. पण तिचा गुरुवार नुसता पडून राहिलेला मला बघवेना. म्हणून सकाळीच कुंदनला सांगून ठेवलं की आज माझा डबा नको. (हा कुंदन आधी लग्नाच्या पंगती सांभाळायचा, आता गोपालच्या सिनेमाची व्यवस्था बघतो.) दुपारी सगळी मंडळी जमुनाच्या छोट्या डोंग्यातून काठावर जेवायला गेली. वांग्याच्या भाजीचा वास आला तर उपास टिकणार नाही, म्हणून मी होडीतच थांबलो. मूठभर शेंगदाणे खाल्ले, ताडपत्री अंगावर ओढली आणि मला इतकी गाढ झोप लागली की मी मेल्याचं काम करतो आहे हे विसरूनच गेलो.

जाग आली ती शांततेने. जनरेटरचा आवाज नाही, गोपालचा नाही. ताडपत्री बाजूला करून बघतो तर काठावर चिटपाखरू नाही. मंडळींची मॅटाडोर गेलेली. एक पत्रावळसुद्धा मागे नाही (स्वच्छतेच्या बाबतीत कुंदनला नावं ठेवता येणार नाहीत). मी “गोपाल!” म्हणून हाक मारली. एक बगळा उडाला. चहूकडे अथांग पाणी, मधे मी, आणि डोक्यावर निळं शीड. चार वाजले होते.

थरारपटात काम केल्यामुळे अशा वेळी काय करायचं हे मला पाठ होतं. पहिलं म्हणजे अन्न पुरवून खायचं. खिशात एक संत्रं होतं. दर अर्ध्या तासाला एक फोड असं ठरवलं, आणि पाच मिनिटांत ते संपलं. दुसरं, बिनतारी यंत्रावरून मदत मागायची. होडीत यंत्र होतं, पण ते कुंदनने साबणाच्या डबीला तार लावून बनवलेलं. तरी मी त्यात बोललो. “हॅलो, मी उत्तम. कोणी आहे का?” बाई, हसू नकोस. घरी मी याहून वेड्यासारखं बोलतो, तिथे तर डबीसुद्धा नसते.

खिशात खरा फोन आहे हे मला त्यानंतर आठवलं. गोपालचा नंबर माझ्याकडे नाही, तो नेहमी दारातच येऊन उभा राहतो. म्हणून एकेक नाव बघत खाली गेलो. माझा अंकुर, पण तो बंगळुरूला. तो म्हणणार, “बाबा, लोकेशन पाठवा,” आणि ते मला येत नाही. मग तुझं नाव आलं. लावणारच होतो, पण ‘मी काय अनाथ आहे का?’ हे वाक्य मधे येऊन बसलं. तसाच खाली गेलो तर शेवटी शकुन. तिचा नंबर मी अजून काढलेला नाही. त्या नंबरवर आता काय वाजत असेल कोण जाणे. तेवढ्यात फोन वाजला! मी इतका दचकलो की तो दोन हातांत नाचला. कानाला लावला तर एक मुलगी, तीही ध्वनिमुद्रित, विचारते की आपल्याला कॉलर ट्यून बदलायची आहे का. अडीच तासांत मला आलेला हा एकच फोन. हो म्हणण्यासाठी एक दाबायचं होतं, ते दाबायला गेलो आणि फोन पाण्यात गेला.

मग मी नुसता बसलो. ऊन उतरायला लागलं. मी शेतातून आलो की शकुन स्वयंपाकघरातून विचारायची, “आले का?” गाडीचा आवाज ऐकलेला असायचा, फाटक वाजलेलं असायचं, मी समोर चपला काढत असायचो, तरी विचारायची. चाळीस वर्षं रोज. मी चिडायचो. “नाही आलो, अजून रस्त्यात आहे,” म्हणायचो. आता मी येतो, चपला काढतो आणि मीच थोडा वेळ दारात थांबतो. काल होडीत बसून मला कळलं की मी घरी गेलो काय आणि नाही गेलो काय, सकाळपर्यंत ते एकालाही कळणार नाही. फार वाईट वाटलं, बाई. एवढंच लिहितो.

साडेसहाला जमुना आली, डोंगा घेऊन, होडीतली जाळी न्यायला. मी आनंदाने उठून उभा राहिलो. तोंडाला प्रेताचा पांढरा रंग, त्यावर बोर्डोचा निळा, खाली दाढी. तिने वल्हं उगारलं.

“कोन हाय रे थो? भूत हाय का मानूस?”

“मी उत्तम. संत्र्याच्या बागेवाला.”

“अव माय! मंग तुमी कावून बसून राह्यले इथं?”

“शूटिंग आहे.”

तिने रिकाम्या काठाकडे एकदा बघितलं. “कोन करून राह्यलं?”

मी तिच्या डोंग्यात उतरलो. तिने मला काठावर सोडलं आणि जाताना म्हणाली, “जा लवकर. घरी वाट पाहून राह्यले असन.” मी हो म्हटलं.

घरी आलो तर शेजारचे वामनराव ओट्यावर बसलेले. माझ्या निळ्या तोंडाकडे बघून म्हणाले, “होळीले टाइम हाय न अजून,” आणि आत गेले. आज सकाळी गोपाल आणि कुंदन आले. मला वाटलं चौकशी करायला आले. तर वादळानंतरचा माझा निळा रंग आधीच्या दृश्यांशी जुळत नाही, म्हणून मला सोमवारी पुन्हा मरायचं आहे, हे सांगायला. बोलता बोलता मी कुंदनला सहज विचारलं की निघताना माणसं मोजतोस की नाही. तो छाती फुगवून म्हणाला, “पंगतीची सवय हाय काका. रिकामे डबे मोजतो. काल बावीस डबे, बावीस मानसं, तवाच गाडी हालली. आपला हिशोब कदी चुकत नाई.” मी म्हटलं, बरोबर आहे. चहा दिला. मी राहून गेलो होतो हे दोघांनाही सांगितलं नाही. त्यांना वाईट वाटलं असतं, आणि वाटलं नसतं तर मला वाटलं असतं.

असो. बाकी सर्व ठीक. मी मजेत आहे हे वर लिहिलंच आहे. गुडघ्यांना शेक देत जा.

तुझा,
उत्तम

ता. क. मनोजच्या ओळखीचा माणूस मंगळवारी अकोल्याला येतो आहे, त्याच्यासोबत संत्री पाठवतो. वरची दिसायला वाईट आहेत, तीच गोड आहेत.

ता. क. २. तू हे पत्र दुसऱ्यांदा वाचशील तेव्हा तुझ्या लक्षात येईल, म्हणून मीच सांगून टाकतो. मामाचा धुरा बाभळीपासून सरळ काठापर्यंत जातो. धुऱ्यावर पाणी कमरेइतकं आहे. पायजमा वर करून मी पाच मिनिटांत बाहेर आलो असतो. वर ‘अथांग’ लिहिलं ते सिनेमातलं आहे. पण मी बसून राहिलो. म्हटलं बघू, कोण येतं. लहानपणी तू शोधायला आलीस तेव्हाही मला घरची वाट माहीत होती.

ता. क. ३. एक काम होतं. वामनरावांचा नंबर मनोजकडे आहे. दर गुरुवारी संध्याकाळी सात वाजता त्यांना एक फोन करत जा. माझ्याशी बोललं पाहिजे असं नाही, ‘बरं, ठेवू मंग?’ म्हणून लगेच ठेवलास तरी चालेल. फक्त विचार, “उत्तम आला का?” मी तिथेच त्यांच्या ओट्यावर बसलेला असेन. तरी विचार.