सातचं बटण

प्रिय इस्तारी,

आपल्या शाळेच्या टिनाच्या छपरावर टेंभुर्णीची फळं, टेंभरं, पडायची ना, तो टपटप आवाज आज सकाळपासून कानात आहे. त्या तालावर आपण कविता म्हणायचो आणि गुरुजी खिडकीबाहेर पाहत हरवून जायचे. पुढे मी कॅल्क्युलेटरच्या रीतींवर, घरबांधणीवर पुस्तकं लिहिली, पण बोटं त्याच तालावर चालत राहिली. वर्गमूळ काढायचं तर डोळे मिटून कविता पुटपुटत बटणं दाबायची, कडवं संपलं की उत्तर पाहायचं. लग्न झाल्यापासून कमला याला गणिताचं भजन म्हणते.

गेल्या महिन्यात इथे गडचांदूरला पुतणी दीपिकाच्या नव्या घराच्या वाशांची लांबी काढायला कॅल्क्युलेटर घेऊन बसलो. एकदा उत्तर आलं खाटेएवढं, पुन्हा केलं तर ताडाएवढं. धनराज मिस्त्री हसला, "भाऊ, एवढ्याशा वाशावर कोंबडी तरी बसन का?" मीही हसलो. पण बाबा आठवले. शेवटी शेवटी आपल्याच अंगणात उभे राहून घर कुठी आहे विचारायचे. नवं पुस्तक मी अर्ध्यावर ठेवलं. कमलाला बोललो नाही. तुलाही फोनवर सांगायला जीभ रेटेना, म्हणून मागच्या पत्रात लिहिलं, की माझं डोकं आता साथ देत नाही, उरलेली प्रकरणं तू पूर्ण कर.

काल कमलाने शेजारच्या लग्नघरच्या तांदळाचा अंदाज काढायला तेच यंत्र घेतलं आणि ओरडलीच, "अवो, डोळे उघडून पाहा तं! सात दाबला तरी कधी उमटते, कधी नाई. डोस्क्याले कायले बदनाम करून राह्यले?" मी बोललो नव्हतो, तरी तिला कळलंच होतं. बटणाखाली सिमेंट बसलं होतं रे! टाचणीने खरवडलं, डोळे उघडे ठेवून वासे पुन्हा काढले. धनराजने जमिनीवर दोरी ताणून पाहिली. जुळले. मी तिथेच रेतीच्या ढिगावर बसून रडलो. दीपिकाला वाटलं, काका पडले.

म्हणून हे पत्र. मागचं पत्र फाडून टाक. प्रकरणं मीच लिहीन, चुका काढायला तू आहेसच. गुडघे सांभाळ, सिरोंच्याहून यायची दगदग करू नको.

तुझाच,
गोपाल

थांब, पाकीट चिकटवणार तोच दार वाजलं. कमला हाक मारते आहे, "अवो, बाहेर या ना! इस्तारीभाऊ आले, पुस्तकाचे कागद मागून राह्यले!"